वाचकांचे प्रश्न: एळिमला, सात डोंगर की उंदराचा डोंगर?

प्रश्न (ठाण्याहून एक वाचक): माझ्या भाच्याचं इंडियन नेव्हल अकॅडमीत सिलेक्शन झालंय, केरळात कण्णूरच्या उत्तरेला एझिमाला म्हणून जागा आहे तिथे. त्यानिमित्ताने जुने नकाशे बघत बसलो तर एका इंग्रजी नकाशावर त्याच ठिकाणी 'माउंट डेली' लिहिलेलं दिसलं. दिल्लीचा तिथे काय संबंध? शिवाय एझिमालाचा अर्थ कुणी सात डोंगर सांगतं तर कुणी उंदराचा डोंगर. नक्की काय समजायचं?

उत्तर: भाच्याचं मनापासून अभिनंदन! दिल्लीचं आधी उरकून टाकू कारण ते सोपं आहे, दिल्लीचा काही म्हणजे काहीही संबंध नाही. पोर्तुगीज लोक या डोंगराला 'मोंते द एली' म्हणायचे, म्हणजे एलीचा डोंगर. बोलताना 'द' आणि 'एली' एकमेकांना चिकटले आणि देली झालं, मग इंग्रजांनी ते जसं कानावर पडलं तसं डेली, डिली असं लिहिलं आणि नकाशांवर तेच कायम झालं. म्हणजे मूळ नाव एली, पुढचा ड हा पोर्तुगीजांच्या 'चा-ची-चे'चा उरलेला तुकडा.

आता एली कुठून आलं ते बघू. मल्याळममधे हे नाव एळिमला. आपली वर्तमानपत्रं एझिमाला छापतात कारण इंग्रजी स्पेलिंगमधे झेड-एच असतो, पण तो झ नाहीये हो, तो उच्चार आपल्या ळ च्या जवळ जातो, जीभ मागे वळवायची पण टाळूला टेकवायची नाही. 'तमिळ' या शब्दाचं शेवटचं अक्षर तेच, कोळिक्कोड म्हणजे कालिकत, त्यातला ळ पण तोच. रेल्वेच्या हिंदी पाट्यांवर याच अक्षरासाठी ष वापरतात, म्हणून स्टेशनवर 'कोषिक्कोड' असं वाचायला मिळतं आणि आपल्याला वाटतं हे कुठलं नवीन गाव. आपल्याकडे ळ हक्काचा आहे तर आपण तो वापरावा असं मला फार मनापासून वाटतं, म्हणून इथून पुढे मी एळिमलाच लिहिणार आहे.

'मला' म्हणजे डोंगर, शबरीमला मधला, त्यावर कुणाचं भांडण नाही. सगळा घोळ पहिल्या भागाचा आहे आणि त्याची तीन उत्तरं शेकडो वर्षं फिरतायत. पहिलं, 'एळु' म्हणजे सात, म्हणून सात डोंगर, संस्कृतात माहात्म्य लिहिणाऱ्यांनी त्याचंच सप्तशैल केलं. दुसरं, 'एली' म्हणजे उंदीर, म्हणून उंदराचा डोंगर, संस्कृतात मूषक. तिसरं, द्रविड भाषांत वर उठणे, उगवणे याचा धातू पण एळु असाच ऐकू येतो, म्हणून उंच डोंगर. १८८६ साली अँग्लो-इंडियन शब्दांचा जो मोठा कोश निघाला, यूल आणि बर्नेल यांचा, त्यांनी हे तिसरं उत्तर धरलं आणि सात डोंगरांना चूक ठरवलं.

माझं मत विचारताय म्हणून सांगते. मराठीत ए एकच आहे, ऱ्हस्व ए आणि दीर्घ ए असा फरक आपण करत नाही, पण मल्याळम आणि तमिळमधे तो आहे आणि त्याने अर्थ बदलतो. सात मधला ए लांब. उंदीर मधला ए आखूड आणि पुढे साधा ल. उठणे मधला ए पण आखूड, पुढे मात्र तोच ळ. आणि डोंगराच्या नावात ए लांब आहे आणि ळ आहे. तमिळ संगम कवितांमधे, म्हणजे इसवी सनाच्या सुरुवातीच्या शतकांमधल्या कवितांमधे, नन्नन नावाच्या सरदाराचा हा डोंगर येतो तिथेही 'एळिल' असंच नाव आहे, लांब ए आणि ळ. तेव्हा अक्षरांचा हिशोब मांडला तर सात सगळ्यात पुढे आहे आणि उंदीर सगळ्यात मागे. डोंगर प्रत्यक्ष बघितला तर मात्र सात वेगळी शिखरं अशी ठसठशीत दिसत नाहीत, समुद्रात घुसलेली एक रांग आहे, तिचे चढउतार तुम्ही मोजाल तितके. त्यामुळे सात हे नाव मोजून पडलं की 'एळिल' हेच आणखी कुठल्या जुन्या शब्दाचं रूप आणि सात त्याला नंतर जोडले, याचा निकाल मी देणार नाही. पण उंदीर मूळ अर्थ असेल हे मला पटत नाही, ळ चा ल परक्या कानांनी केला आणि मग त्या ल मधून उंदीर बाहेर आला असं मला वाटतं.

मजा अशी की भाषेच्या हिशोबात जो सगळ्यात मागे, इतिहासात तोच पुढे गेला. कारण या डोंगराच्या पायथ्याशी राज्य करणारं घराणं स्वतःला मूषिक म्हणवायचं, अभिमानाने!

प्रश्न (चिपळूणहून एक वाचक): ताई, आमच्या इथे परशुरामाचं देऊळ आहे, परशुरामाने समुद्र मागे हटवून कोकण वसवलं हे आम्ही लहानपणापासून ऐकतो. केरळातले लोक पण तीच गोष्ट सांगतात म्हणे. एळिमलाच्या उंदरात पण परशुराम आहे असं कळलं, ती गोष्ट काय आहे?

उत्तर: आहे, आणि गोष्ट फार छान आहे. अकराव्या शतकात अतुल नावाच्या कवीने 'मूषिकवंश' हे संस्कृत महाकाव्य लिहिलं, मूषिक राजांच्या दरबारातच लिहिलं, त्यात घराण्याच्या पहिल्या राजापासूनची हकिकत आहे. सुरुवात कुठून होते तर नर्मदेकाठच्या माहिष्मतीहून, जिला परंपरेने आपलं महेश्वर मानतात, अहिल्याबाईंचं महेश्वर. परशुराम क्षत्रियांचा संहार करत सुटलाय, हैहय कुळातली एक राणी गरोदर आहे, ती जीव वाचवायला पळते आणि पळत पळत दक्षिणेला येऊन या डोंगरातल्या गुहेत लपते.

तिथे तिच्यावर हत्तीएवढा उंदीर धावून येतो. राणीच्या डोळ्यातून आग निघते आणि उंदीर जळून राख होतो, आणि त्या राखेच्या जागी साक्षात पर्वतराज उभा राहतो, ऋषीच्या शापाने उंदीर झालेला, आता राणीमुळे सुटलेला. मग तोच तिला आसरा देतो, मुलगा गुहेत जन्मतो आणि तिथेच वाढतो.

पुढे परशुराम स्वतः तिथे येतो, आणि इथे गोष्टीने जो वळसा घेतलाय तो बघा, ज्या कुळाला तो संपवायला निघाला होता त्याच कुळातल्या या पोराला तो राज्याभिषेक करतो, घटाने पाणी ओतून. म्हणून राजाचं नाव रामघट, राम म्हणजे इथे परशुराम आणि घट म्हणजे अभिषेकाचा घडा. हे नाव निव्वळ कवितेत राहिलं नाही, पुढचे राजे ते बिरुद म्हणून लावत होते आणि चोळांच्या शिलालेखांमधे 'इरामकुट' असा जो उल्लेख येतो तो यांचाच.

आता यात नावाच्या दृष्टीने काय झालंय ते मला महत्त्वाचं वाटतं. डोंगराचं स्थानिक नाव आधीपासून होतं. त्याचा कुणीतरी एली म्हणजे उंदीर असा अर्थ लावला, त्याचं संस्कृतात मूषक केलं, मग राजघराण्याला मूषिक नाव मिळालं आणि आता प्रश्न आला की एवढं मोठं घराणं आणि नाव उंदराचं कसं? तर त्या प्रश्नाचं उत्तर म्हणून शापित पर्वतराज आला. आणि मग उंदीर हलका राहिलाच नाही, तो देवासारखा झाला, डोंगरच तो. अतुल कवीने हे काम इतकं मन लावून केलंय की हजार वर्षांनी आपण अजून त्याच्याच शब्दात उंदराचा डोंगर म्हणतोय.

चिपळूणशी धागा म्हणाल तर तो खरा आहे, समुद्रातून जमीन मिळवून देणारा परशुराम हा कोकणापासून थेट केरळपर्यंतच्या सगळ्या किनाऱ्याचा आहे, प्रत्येक टप्प्यावर त्याची गोष्ट थोडी बदलते एवढंच. आपल्याकडे तो बाण मारतो तर केरळात परशू फेकतो.

आणि एक राहिलंच, एळिमलाला हनुमानाची पण गोष्ट आहे. लक्ष्मणासाठी संजीवनीचा पर्वत नेताना त्याचा एक तुकडा इथे पडला म्हणून डोंगरावर औषधी झाडपाला मिळतो असं तिथले लोक सांगतात, आणि डोंगरावर हनुमानाची मोठी मूर्ती पण उभारलीय. उरणचे वाचक आता लगेच म्हणतील की अहो तो तुकडा तर आमच्या द्रोणागिरीवर पडला! समुद्राकाठी एकटा उभा असलेला डोंगर दिसला की लोकांना वाटतंच की हा इथला नाही, कुणीतरी आणून ठेवलाय. मला ही भावना खूप आवडते.

प्रश्न (वास्को, गोवा इथून एक वाचक): आमच्या शहराचं नाव ज्याच्यावरून पडलं त्या वास्को द गामाने भारताची पहिली जमीन बघितली ती हाच डोंगर असं एका लेखात वाचलं. पण डोंगराची उंची तर फक्त २८६ मीटर आहे. एवढ्याशा टेकडीला जगभरातले खलाशी का ओळखत होते?

उत्तर: दोन प्रश्न आहेत, दुसरा मला जास्त आवडला म्हणून त्याच्यापासून सुरुवात करते.

उंची २८६ मीटरच्या आसपास आहे हे बरोबर, सह्याद्रीच्या मानाने काहीच नाही. पण समुद्रावरून बघणाऱ्याला उंचीपेक्षा ओळख पटणं महत्त्वाचं असतं. मलबारच्या किनाऱ्यावर मागे घाटाची भिंत आहे, ती हजार-दीड हजार मीटर उंच आहे पण ती खूप आत आहे आणि सलग आहे, दुरून तिचा कुठला भाग कुठला हे कळायला मार्ग नाही, आणि तिच्या पुढे किनारा एकदम सपाट, नारळी, खाड्या, वाळूचे पट्टे, दहा-दहा कोस सगळं सारखंच. त्या सपाटीत अगदी पाण्याला लागून हा एकच डोंगर एकटा उभा आहे. तो दिसला की आपण किनाऱ्याच्या नेमक्या कुठल्या जागी आहोत हे नक्की झालं. आपल्या कोकणातले मच्छीमार सुद्धा डोंगर, देवळाचा कळस, मोठं झाड अशा खुणा एका रेषेत धरूनच बंदरात शिरतात ना, तेच मोठ्या प्रमाणावर.

किती लांबून दिसत असेल याचा हिशोब घरबसल्या करता येतो. पृथ्वीच्या गोलाईमुळे डोंगराचा माथा किती किलोमीटरपर्यंत दिसेल हे काढायचं असेल तर मीटरमधल्या उंचीचं वर्गमूळ घ्या आणि त्याला ३.५७ ने गुणा. २८६ चं वर्गमूळ जवळपास १७, म्हणजे साधारण ६० किलोमीटर. आणि बघणारा माणूस डोलकाठीवर पाण्यापासून १५ मीटर वर चढलेला असेल तर त्याचे अजून १४ किलोमीटर जमा. म्हणजे हवा स्वच्छ असेल तर सत्तर-पंच्याहत्तर किलोमीटर लांबून शेंडा दिसायला लागतो, वारा बरा असेल तर बंदर गाठायला अजून अर्धा दिवस हातात आहे.

अरबी खलाशी ध्रुवताऱ्याची उंची मोजून आपण किती उत्तरेला आहोत हे ठरवायचे, त्यासाठी त्यांच्याकडे 'कमाल' असायचा, म्हणजे लाकडाची छोटी पाटी आणि गाठी मारलेली दोरी, दोरी दातात धरायची आणि पाटी क्षितिज आणि ताऱ्याच्या मधे बसेल अशी धरायची. एळिमला साधारण १२ अंश उत्तर अक्षांशावर आहे. तारा त्या हिशोबात आणून ठेवायचा आणि सरळ पूर्वेला यायचं, की समोर डोंगर हजर. म्हणून अरबांच्या लिखाणात हा हिली म्हणून येतो. चौदाव्या शतकात इब्न बतूता हिली हे मोठं, चांगलं बांधलेलं बंदर म्हणून सांगतो, चीनची जहाजं फक्त कोल्लम, कालिकत आणि हिली इथे येतात म्हणतो, आणि तिथल्या मशिदीला मुसलमान आणि हिंदू दोघेही मानतात असंही लिहून ठेवतो. त्याच्या आधी तेराव्या शतकाच्या शेवटी मार्को पोलो एली नावाच्या राज्याबद्दल सांगतो, मिरी आणि आलं भरपूर, आणि एक विचित्र रिवाज, दुसऱ्या बंदराला निघालेलं जहाज चुकून इथल्या खाडीत शिरलं तर इथले लोक ते लुटायचे, म्हणायचे तुम्ही दुसरीकडे चालला होतात, देवाने तुम्हाला आमच्याकडे पाठवलंय, तेव्हा माल आमचा. अशा ठिकाणी डोंगर लांबून ओळखता येणं किती गरजेचं होतं हे सांगायला नको!

आता वास्को द गामा. तो २४ एप्रिल १४९८ ला आफ्रिकेतल्या मालिंदीहून निघाला, सोबत वाट माहीत असलेला वाटाड्या होता, आणि १८ मे ला जमीन दिसली. त्या सफरीची एका सहप्रवाशाने लिहिलेली रोजनिशी आहे, तिच्यात लिहिलंय की २३ दिवस जमीन न दिसता उंच डोंगर दिसले, सुमारे ८ लीगवरून, म्हणजे ४५ किलोमीटरच्या आसपास. पण डोंगराचं नाव तिच्यात नाही. उलट दुसऱ्या दिवशी धो धो पाऊस आणि वीजवारा, त्यामुळे आपण कुठे आलोय हे वाटाड्याला ओळखता आलं नाही, आणि २० मे ला पुढचे डोंगर जवळून बघितल्यावर तो म्हणाला हे कालिकतच्या वरचे. मेचा शेवट म्हणजे पाऊस दाराशी आलेला, कोकणात राहणाऱ्या कुणालाही ते आभाळ डोळ्यासमोर येईल. तो पहिला डोंगर एळिमलाच होता ही समजूत जुनी आहे, अंतर आणि दिशा बघता तसं असणं शक्य पण आहे, पण रोजनिशीच्या शब्दांवर विश्वास ठेवायचा तर तिथे फक्त उंच डोंगर एवढंच आहे. म्हणून लेखांमधे हे जसं छातीठोकपणे छापतात तसं मी छापणार नाही.

त्याच माणसाचं आणि या डोंगराचं एक नातं मात्र पक्कं आहे आणि ते भयंकर आहे. १५०२ साली तो दुसऱ्यांदा आला तेव्हा त्याचं आरमार एळिमलाच्या समोर दबा धरून थांबलं होतं, कारण मक्केकडून येणारी जहाजं ही खूण बघूनच किनाऱ्याला लागायची. तिथे त्याने मिरी नावाचं यात्रेकरूंचं जहाज पकडलं, लुटलं, आणि आतल्या शेकडो माणसांसकट, बायकामुलांसकट, जाळलं. तेव्हाच्या पोर्तुगीज माणसांनीच ते लिहून ठेवलंय. खलाशांना वाट दाखवणारी खूण शिकाऱ्याने वापरली. माउंट डेली हे नाव नकाशावर दिसलं की मला पहिल्यांदा ते जहाज आठवतं, आणि शाळेच्या पुस्तकात १४९८ जसं ठळक असतं तसं १५०२ पण असायला हवं असं माझं ठाम मत आहे.

गोव्याशी एक चांगला संबंध पण आहे, तो सांगून हा विषय पुरा करते. नौदलाची अकॅडमी आधी कोचीला होती, १९८६ मधे ती गोव्यात पणजीसमोर मांडवीकाठी आयएनएस मांडवीवर आली, १९८७ च्या जानेवारीत राजीव गांधींच्या हस्ते एळिमलाला नव्या अकॅडमीची पायाभरणी झाली आणि ८ जानेवारी २००९ ला मनमोहन सिंग यांच्या हस्ते उद्घाटन. म्हणजे नौदलाच्या अधिकाऱ्यांच्या किती तरी बॅचेस गोव्यात तयार झाल्या. तिथल्या तळाचं नाव आयएनएस झामोरिन आहे, कालिकतच्या राजाची पदवी, तोच राजा ज्याच्याशी गामाचं बिनसलं होतं. हे नाव ठेवणाऱ्याला मनापासून दाद द्यावीशी वाटते.

प्रश्न (पुण्याहून एक वाचक): आम्ही चार-पाच जण ट्रेक करतो. एळिमलाच्या माथ्यावर जाता येतं का? कसं जायचं?

उत्तर: ट्रेक म्हणून जाऊ नका. डोंगराचा मोठा भाग अकॅडमीच्या हद्दीत आहे, तिथलं दीपगृह पण आतच आहे, परवानगीशिवाय सोडत नाहीत आणि ते योग्यच आहे. हनुमानाच्या मूर्तीपर्यंत जाता येतं आणि तिथून समुद्र चांगला दिसतो, खाली एट्टिकुळमचा किनारा आहे, उत्तरेला कव्वायीची खाडी आहे तिथे होडीतून फिरता येतं, आणि डोंगराचा आकार पाण्यावरूनच खरा कळतो, गलबतावरच्या लोकांना तो कसा दिसत असेल त्याचा अंदाज येतो. कोकण रेल्वेने केरळात जाणाऱ्या गाड्यांपैकी नेत्रावती पय्यन्नूरला थांबते, तिथून डोंगर दहा-बारा किलोमीटर. एळिमला नावाचं छोटं स्टेशन पण आहे पण लांबच्या गाड्यांसाठी पय्यन्नूर धरा. पावसाळ्यात जाऊ नका, डोंगर ढगात असतो आणि समुद्र खवळलेला, डिसेंबर-जानेवारी बरा. गाडीतून दक्षिणेला जात असाल तर पय्यन्नूर सुटल्यावर उजव्या हाताच्या खिडकीत बसा.